बोकाण्या राक्षसाचा मुखवटा

रविवारी सकाळी पोह्यांच्या बशा घेऊन घरोघरची मंडळी टीव्हीसमोर बसत आणि मुलं हातांत स्पर्शमोजे चढवत. पडद्यावर बोकाण्या राक्षस लाडू चोरायला आला की मुलांनी हवेत फटका मारायचा. तिकडे गोरेगावच्या स्टुडिओत तो फटका राक्षसाच्या कवचातून आतल्या नटाला खराखुरा बसायचा. हात जितके जास्त, तितका फटका जोरात. आता याला करमणूक म्हणायचं, तर म्हणा बापडे.

आत विलास आरोंदेकर, म्हणजे विलासकाका, होते. कुडाळपासून नागपूरपर्यंत बालनाट्यं करण्यात उभा जन्म गेला, पण तोंड कायम मुखवट्यात, त्यामुळे नाव कुणाला ठाऊक नाही. त्याचं त्यांना काही वाटत नसे. प्रयोग संपला की ते मुखवटा काढून दारात उभे राहत आणि मुलांच्या हातावर पेपरमिंट ठेवत. घाबरून रडणारं पोरही हसत घरी जाई. वाहिनीने ही रीत पहिल्याच दिवशी बंद केली. राक्षस माणूस निघाला तर त्याला मारणार कोण?

आज थेट प्रक्षेपणात त्यांनी लाडू उचलला आणि पहिल्याच फटक्याने बरगडी कडकन मोडली. काका गुडघ्यांवर आले.

"काका, कवच बंद करते मी," कानातल्या यंत्रातून नूतन म्हणाली. कवच तिच्या ताब्यात असे.

"नको गं. आत माणूस आहे हे पोरांना कळायलाच हवं."

पाठीत फटका बसला, मग जबड्यावर. एक दात सुटून जिभेवर आला. काकांनी दोन्ही हातांनी मुखवटा उपटला. ओठ फाटलेला, एक डोळा सुजून बंद.

"बाळांनो, नाटक संपलं. मी विलासकाका. मला लागतं रे."

मार थांबला. पाठीवरून काहीतरी हलकेच फिरलं, कुरवाळल्यासारखं. काकांना रडू कोसळलं.

तेवढ्यात पोटात असा गुद्दा बसला की ते आडवेच झाले. मग मोडक्या बरगडीवर दुसरा. फरशीवर रक्त सांडलं.

"पोरं अजून मारतायत?"

"नाही काका." नूतनचा आवाज फाटला. "मोज्यातल्या तळहाताचा आकार इथे कळतो मला. पोरांनी मोजे काढून टाकलेत. आता त्यांत मोठ्यांचे हात आहेत, आणि वाढतच चाललेत. पोरं शेजारी बसून बघत असतील. बंद करू ना?"

काका कॅमेऱ्याकडे बघत राहिले. काढायला आता मुखवटाही उरला नव्हता. या हातांना काय दाखवायचं?