धरण पिणारा माणूस

विनोद आणि बातमी वेगळे करणाऱ्या वृत्तचाळणी या यंत्राच्या नियंत्रण कक्षात शाल्मली डोईफोडे धावत आली. तिचा उपहासाचा कार्यक्रम नागपुरात चांगलाच गाजत होता. प्रत्येक संकटाला एखादा गुन्हेगार चिकटवणाऱ्या वाहिन्यांची ती त्यात टर उडवायची. परवा ती म्हणाली, "धरण आटलं नाही, एका माणसाने पिऊन टाकलं!" खऱ्या कुणाचा फोटो दाखवला तर खटला होतो, म्हणून अशा वेळी कार्यक्रमाच्या चमूतल्याच कुणाचा तरी फोटो दाखवायची तिची पद्धत. या वेळी पाळी रंगभूषाकार वैजनाथकाकांची होती. आता त्यांच्या दारावर दगड पडत होते.

"पण तो विनोद होता!"

"चाळणीला विनोद कळत नाही," ती बनवणारे डॉ. मुजावर म्हणाले. "तिचा हास्यवेधक फक्त प्रेक्षकांचं हसू ऐकतो. हसले तर विनोद, गप्प राहिले तर बातमी. बातमी चाळीस वाहिन्यांवर आपोआप जाते, मध्ये माणूस नाही. परवा तुमच्या प्रेक्षकांच्या घरी चार दिवस पाणी नव्हतं. कोण हसणार?"

"मग खंडन करा ना!"

"ते तुमच्याच तोंडून, प्रेक्षकांसमोर व्हायला हवं. आणि कुणी हसता कामा नये."

तासाभरात तिच्या कार्यक्रमाच्या सभागृहात प्रेक्षक जमवले. शाल्मलीने हात जोडून त्यांना बजावलं आणि कॅमेऱ्याकडे वळली. "वैजनाथकाकांनी धरण प्यायलेलं नाही."

मागच्या रांगेत कुणीतरी फिस्सकन हसलं. मग अख्खं सभागृह. चाळणीच्या पडद्यावर शब्द उमटला: विनोद.

तिच्या कानातल्या इअरफोनवर काकांचा फोन चालूच होता. त्यात धाडकन काहीतरी कोसळलं आणि त्यांचा आवाज बंद पडला. 

"हसताय काय?" ती किंचाळली. "मारलं हो त्यांना! काका गेले!"

सगळे चिडीचूप झाले. पडद्यावरचा शब्द बदलला: बातमी.

दहा मिनिटांनी फोन पुन्हा वाजला. "ताई, मी माळ्यावर लपून हाव जी," काका दबक्या आवाजात सांगत होते. "दार अर्धं तुटलं होतं. तेवढ्यात त्यायनं मोबाइलवर पाह्यलं, कोणीतरी मले आधीच संपवलं म्हणे. नाचत गेले सारे. आता येऊ का बाहेर?"

शाल्मलीने प्रेक्षकांकडे पाहिलं. मेलेला माणूस जिवंत आहे, हे आता त्यांना सांगायचं होतं. हसले तर काका मेलेलेच राहणार, गप्प राहिले तर जमाव परत येणार.

"नका येऊ, काका," ती कशीबशी म्हणाली. "कधीच नका येऊ."