आत्यांची उत्तरं

तलाठी भरतीची तयारी मी घरच्या घरीच करत होते. दुपारची भांडी आवरली की पुढच्या खोलीत बसायचं आणि सामान्य ज्ञानाचे प्रश्न मोठ्यानं वाचायचे. नुसतं डोळ्यांनी वाचलेलं माझ्या लक्षात राहत नाही. त्याच खोलीत खिडकीशी आत्यांची खाट होती. आत्या म्हणजे माझ्या सासूबाई, मंगल. दिवाळीत त्यांना झटका आला, उजवं अंग गेलं, वाचाही गेली. तेव्हापासून त्या वरच्या पत्र्याकडे बघत पडून असायच्या. पेठ गावातल्या आमच्या घरापासून पुणे-नाशिक रस्ता जवळच. ट्रक गेला की पत्रा थरथरायचा. खोलीला मालिशच्या तेलाचा वास असायचा.

“अजिंठ्याची लेणी कोणत्या नदीच्या काठावर आहेत?” मी वाचलं आणि पुस्तक मिटून आठवत बसले.

“वाघूर.”

मी आधी दाराकडे पाहिलं. दारात कोणी नव्हतं. मग मी पुस्तक उघडून पुढचा प्रश्न वाचला. मंगोलियाची राजधानी कोणती?

“उलानबाटर.”

ओठ आत्यांचेच हलले होते. पण आत्या उभा जन्म ‘होतं’ला ‘व्हतं’ म्हणत आल्या. हा उच्चार बातम्या देणाऱ्या बाईसारखा स्वच्छ होता.

माझा नवरा गोकुळ टेम्पो चालवतो. संध्याकाळी तो आला, तसा हातपाय न धुताच खाटेशी बसला. “आये, मी कोण? वळखलं का मला?”

आत्या पत्र्याकडे बघत राहिल्या.

“आये, लई दिस झालं गं. एकदा नाव घे.”

मला राहवलं नाही. “शिवाजी महाराजांचा जन्म कुठल्या किल्ल्यावर झाला?”

“शिवनेरी.”

गोकुळ उठून बाहेर गेला आणि बराच वेळ टेम्पोपाशी उभा राहिला.

मंचरचे डॉक्टर म्हणाले, असं होतं. टीव्हीवर ऐकलेलं मेंदूत कुठंतरी साठलेलं असतं. लक्षण चांगलं आहे. आम्हाला ते पटलं. पटवून घेतलं म्हणा.

शेजारच्या झुबेदावहिनी मी बाजारात गेले की आत्यांपाशी बसायच्या. एकदा मी परत आले तर त्या पायरीवर येऊन बसल्या होत्या.

“वहिनी, मी काईच इचारलं न्हाई. तरी त्या बोलल्या.”

“काय?”

“काळ्या रंगाची, कपाळावर पांढरा ठिपका.”

आमची शेळी तशीच होती, आणि ती तर समोरच पाला खात होती. मी हसले.

त्याच आठवड्यात बिबट्यानं ती उसात ओढून नेली. वनखात्याचा माणूस पंचनाम्याला आला. अंगणातलं रक्त बघून त्यानं विचारलं, “शेळी कशी होती?”

“काळ्या रंगाची, कपाळावर पांढरा ठिपका.”

हे मी बोलले. पण बोलायचं म्हणून बोलले नाही. जीभ आपोआप फिरली आणि आवाज तसाच निघाला, स्वच्छ, सपाट.

मग एका सकाळी आत्या माझ्यादेखत म्हणाल्या, “डावा.” झुबेदावहिनीही तिथंच होत्या. त्यांचे मालक तय्यबभाई मोटारसायकलवरून बेल्ह्याच्या बाजारात शेळ्या बघायला गेले होते. येताना पिकअपनं उडवलं. दवाखान्याच्या दारातच नर्सनं वहिनींना विचारलं, “कोणता पाय?”

“वहिनी, मी अजून त्यांना बघितलंबी नव्हतं,” झुबेदावहिनी मला म्हणाल्या. “मला काय म्हाईत कोणता पाय? पन तोंडातून निघालं.”

तय्यबभाईंचा डावा पाय गुडघ्याखाली कापावा लागला.

मी पुस्तक उचलून फडताळात ठेवलं. घरात प्रश्न विचारणं बंद झालं. जेवायला वाढू का, असंही मी म्हणेनाशी झाले. नुसतं ताट ठेवायचे.

एप्रिल संपता संपता आत्यांना भरवत होते. त्यांनी पेज गिळली आणि पत्र्याकडे बघत म्हणाल्या, “नऊ वर्षांची.”

मी वाटी खाली ठेवली. आमच्या समृद्धीला मे महिन्यात नऊ वर्षं पूर्ण होणार होती.

मी त्यांच्या तोंडाशी तोंड नेऊन विचारलं, “आत्या, समृद्धी किती वर्षांची? सांगा ना, आत्ता सांगा.” प्रश्न विचारून संपवून टाकावा, असं मला वाटलं. पुन्हापुन्हा विचारलं. आत्यांचे ओठ मिटलेले.

गोकुळला सांगितलं तर तो आधी चिडला. मग हळू आवाजात म्हणाला, “तिला घेऊन माहेरी जा.”

माहेर तळेघरला. तिथं समृद्धीला मी डोळ्याआड होऊ दिलं नाही. विहिरीकडं नाही, झाडावर नाही, पोरांत खेळायला नाही. वाढदिवशी ती शिरा खाताखाता रडली. मी तिचं मनगट धरून बसले होते; नंतर बघितलं तर माझ्या बोटांचे वळ उठले होते.

वाढदिवस सरला. काही झालं नाही. परतीच्या एसटीत शेजारी एक म्हातारी नाचणीचं गाठोडं घेऊन बसली. समृद्धीकडे बघून हसली.

“केवढी गं ही तुझी पोर?”

“नऊ वर्षांची.”

आवाज तोच, सपाट. मी समृद्धीचा दंड घट्ट धरला. गाडी चालत राहिली. समृद्धी खिडकीतून डिंभे धरणाचं पाणी बघत होती. एवढंच होतं तर! मला रडू फुटलं. म्हातारी घाबरून म्हणाली, “अगं, मी वंगाळ काय बोलले?”

घरी पोचले तर अंगणात माणसं जमली होती. आत्या दुपारी गेल्या होत्या. गोकुळ भिंतीशी बसला होता. समृद्धीला बघून त्यानं तिला जवळ ओढलं आणि मोठ्यानं रडला.

झुबेदावहिनी मला चुलीपाशी घेऊन गेल्या.

“जायच्या आधी त्या बोलल्या.”

मला ऐकायचं नव्हतं.

“‘हो, तीसुद्धा.’ एवढंच.”

काल समृद्धीच्या शाळेतून फोन आला. सहल निघायची आहे, अश्विनीबाई म्हणाल्या, एक विचारायचं होतं.

मी फोन कापला. बंद करून टाकला.

पण ‘हो’ माझ्या तोंडातून निघून गेलं होतं. पुढचा शब्द तेवढा मी दातांखाली दाबून धरला आहे.