उत्तर वरच्या बाजूला असतं

"अगं बाई, हा विजेचा खांब बसमध्ये कुणी आणून रोवला?"

माझ्या शेजारच्या बाकावर बसलेली आजी कुरकुरत होती. तिच्या मांडीवर टोपली, टोपलीत जिवंत बदक, आणि बदकाच्या डोक्यावर एका काळ्या ओव्हरकोटाची टोकं लोंबत होती. कोटाच्या आत माणूस होता. इतका उंच, की बसच्या छतामुळे मान वाकडी करून उभा.

वळण आलं आणि त्याचं कोपर आजीच्या अंबाड्याला लागलं.

"आणि खांबाला कोपरंही आहेत!"

"माफ करा, आजी," खांब म्हणाला. अगदी स्वच्छ, उत्तरेकडची बोली. अर्धी बस वळून बघायला लागली.

मी तेव्हा चोंगचिंग शहरात पाच नंबरच्या बसवर कंडक्टर होते. साल शहाण्णव, महिना डिसेंबर, वय सत्तावीस. आईच्या हिशेबाने लग्नाचं वय उलटून गेलेली, आणि डेपोच्या हिशेबाने तोंडाळ. तिकिटं हातात नाचवत मी विचारलं, "कुठे?"

"बस डेपो."

"मग उलट्या बसमध्ये चढलात."

"असं कसं?" त्याने कोटातून एक छोटं होकायंत्र काढलं. "डेपो पूर्वेला आहे. ही बस पूर्वेलाच चालली आहे."

"साहेब, इथे रस्ता पूर्वेला निघतो आणि पश्चिमेला पोचतो. मधे डोंगर असतो ना! ते घड्याळ ठेवा खिशात, बदक खाईल."

बस हसली. तो लाजला. म्हणजे कानांच्या पाळ्या लाल झाल्या, बाकी चेहरा जागच्या जागी. एवढ्या उंच माणसाला लाजताना मी पहिल्यांदाच बघत होते... आणि उगीचच मला तिकीट फाडायला वेळ लागला.

फेरी संपवून डेपोत गेले, तर हा खांब साहेबांच्या खोलीत, दाराच्या चौकटीला कपाळ आपटून नुकताच आत शिरलेला. नाव कुआन चनहाय. दूर उत्तरेतल्या शेन्यांगहून आलेला, नकाशे काढणाऱ्या एका कचेरीतला. आमच्या शहराच्या बसमार्गांचा नकाशा करायचा होता त्याला. सहा दिवस प्रत्येक बसमधून, नदीवरच्या तारेच्या पाळण्यातून, होडीतून फिरायचं, आणि सोबतीला वाट दाखवणारं कोणीतरी हवं.

"थान शाओरोंग, तू जा," साहेब म्हणाले. "तुझं तोंड तसंही थांबत नाही. निदान कामाला येईल."

पहिले दोन दिवस आम्ही भांडलोच. तो विचारायचा, "थानबाई, हा थांबा बाजाराच्या ईशान्येला येतो का?"

"वर येतो."

"वर म्हणजे?"

"वर म्हणजे वर! मान उचला. तो जिना दिसतोय? एकशे ब्याण्णव पायऱ्या. त्याच्या वर."

"पण कागदावर वर म्हणजे उत्तर. नकाशात उत्तर वरच्या बाजूला असतं."

"मग कागदावरच राहायला या ना. इथे कशाला आलात?"

तो वहीत काहीतरी लिहायचा. मग दहा पायऱ्या चढल्यावर, धापा टाकत, "तुमच्या गावात मला उत्तर सापडतच नाही हो."

चौकातल्या पोलिसापासून पाटी वाहणाऱ्या हमालापर्यंत आमच्याकडे कुणालाच दिशा माहीत नसतात. वर जा, खाली उतरा, नदी दिसली की डावीकडे. त्याच्याकडे उलटं. त्याची आई म्हणे स्वयंपाकघरातसुद्धा सांगते, 'मिठाची बरणी जरा पश्चिमेला सरकव.'

"अय्या! आणि नवऱ्यावर चिडल्या की?"

"'दक्षिणेकडे तोंड करून झोपा.'"

"आणि कुणी प्रेमात पडलं की? आग्नेयेला पडलं म्हणायचं?"

मी बोलून गेले, आणि जीभ चावली. तो खिडकीतून बाहेर बघत राहिला. कानांच्या पाळ्या... त्याच, लाल.

तिसऱ्या दिवशी सकाळी नूडल्सच्या टपरीवर बसलो. ठेंगणी स्टुलं, त्याचे गुडघे हनुवटीला टेकलेले. वाटीत लाल तिखट आणि तिरफळासारखं जीभ बधिर करणारं ते आमचं बोंड. पहिल्याच घासाला त्याच्या डोळ्यांतून पाणी. वाफेने चष्मा पांढरा. दोन्ही हातांत वाटी, त्यामुळे तो नुसताच आंधळ्यासारखा बसून राहिला. मी हात पुढे केला, त्याच्या नाकावरून चष्मा उचलला, गणवेशाच्या टोकाला पुसला आणि परत बसवला. त्यात काय एवढं? कुणीही केलं असतं. पण माझी बोटं त्याच्या कानामागे क्षणभर थांबली, आणि टपरीवाली म्हणाली, "पोरी, तुझं अन्न थंड होतंय."

त्या दुपारपासून तो मला 'थानबाई' म्हणायचा थांबला. आधी 'शाओरोंग, तुम्ही' झालं. मग नुसतं 'तू'.

त्याच संध्याकाळी आईने त्याला जेवायला बोलावलं. आमचं घर नदीकाठच्या एका सोळा मजली इमारतीत, सातव्या मजल्यावर. लिफ्ट नाही. इमारत कड्याला पाठ टेकून उभी, त्यामुळे तिला दोन दारं. खालचं नदीच्या रस्त्यावर, आणि वरचं दहाव्या मजल्यावर, बसच्या रस्त्यावर. आम्ही राहणारे 'दार' म्हणायचो ते वरच्यालाच. बस वर, बाजार वर, शाळा वर. खालून येणार ते कोळसेवाले आणि नावाडी.

आम्ही वरच्या दाराने आत शिरलो आणि जिना उतरायला लागलो.

"थांब," तो म्हणाला. "आपण घरी चाललोय की तळघरात?"

"घरी. तीन मजले खाली."

"दारातून आत आल्यावर खाली?" तो खरोखरच उभा राहिला. "आमच्याकडे दार म्हणजे जमिनीवर असतं. मला विचारशील तर ते खालचंच खरं दार. हे... हे भिंतीला पडलेलं भोक."

मी इतकी हसले की सातव्या मजल्यावर आईने आधीच कडी काढून ठेवली.

आई. तेव्हा छप्पन्नची. बाबा जाऊन नऊ वर्षं झाली होती, आणि ती नऊ वर्षं आम्ही दोघी एकाच पलंगावर झोपत होतो. तिने त्याच्यासाठी तिखट न घालता मासा केला. हा तिच्या हयातीतला पहिला. कौतुकाने सगळं वाढलं. मग विचारलं, "शेन्यांग किती लांब, हो?"

"दोन दिवस, दोन रात्री, काकू. बीजिंगला गाडी बदलायची."

"अगं बाई," आई म्हणाली, आणि भाताचं भांडं उगीचच पुन्हा झाकून ठेवलं.

चौथ्या दिवशी आम्ही नदीवरच्या पाळण्यात होतो. दाट धुकं. खाली यांगत्से नाही, वर आभाळ नाही, नुसता पांढरा कापूस आणि तारेची करकर. पाळण्यात गर्दी होती, म्हणून आम्ही खिडकीला चिकटून. त्याच्या भुवयांवर धुक्याचे बारीक थेंब.

"शाओरोंग."

"हं?"

"मी इथे बदली मागितली होती. काल कचेरीची तार आली. नाही म्हणाले."

माझ्या तोंडून शब्द नाही. सगळा डेपो साक्षीला हवा होता तेव्हा.

"म्हणून विचारतो. तू येशील?... तिकडे? मला ठाऊक आहे, आई एकटी आहे. त्यांनाही घेऊन जाऊ, म्हणजे त्या आल्या तर. आत्ता उत्तर देऊ नकोस." तो एकेक शब्द पायरी चढल्यासारखा बोलत होता. "उद्या संध्याकाळी सहा वाजता मी तुमच्या दाराशी येतो. तू आलीस, तर लगेच घरात येऊन आईंशी बोलेन. नाही आलीस, तर मी समजेन. परवा माझी गाडी आहे. मग मी हा विषय परत काढणार नाही... तुला अवघडल्यासारखं होऊ देणार नाही. शब्द देतो."

"एवढं मोठं भाषण," मी म्हटलं, "आणि तेही उभ्याने."

पाळणा पलीकडे लागला. उतरताना त्याने माझा हात धरला आणि फळीवर पाय ठेवल्यावरही सोडायला विसरला. मीही आठवण केली नाही.

रात्रभर मी आईच्या शेजारी जागी होते. पहाटे माझं ठरलं. जायचं. आईला नेऊ, नाही आली तर वर्षातून एकदा येऊ, काहीतरी करू. तिला सांगितलं मात्र नाही. आधी त्याला हो म्हणू, मग दोघं मिळून तिच्यासमोर बसू, असं मला वाटलं. पण सकाळी वेणी घालताना तिने माझ्याकडे आरशातून पाहिलं. आया आरशातून सगळं बघतात.

संध्याकाळी पावणेसहाला मी लाल स्वेटर घातला आणि घराबाहेर पडले. जिन्यात क्षणभर थांबले. वर की खाली? हसूच आलं. त्याचं दार म्हणजे जमिनीवरचं! उत्तरेकडचा माणूस, 'भिंतीतल्या भोकाशी' कशाला येईल? सहा मजले खाली उतरले.

सहा वाजले. नदीचा रस्ता धुक्यात. कोळशाची गाडी गेली. साडेसहा. एक नावाडी म्हणाला, "काय गं, कुणाची वाट?" म्हटलं, "बसची." तो म्हणाला, "इथे बस कधीपासून यायला लागली?" सात. वर बघून यावं असं दोनदा मनात आलं. पण नऊ मजले चढायचे, आणि तेवढ्यात तो इथे आला तर? मी दिसले नाही तर 'समजून' परत जाणारा माणूस होता तो. साडेसातला मी जिना चढायला लागले. सातव्या मजल्यावर पोचले आणि थांबले.

वर अजून तीन मजले होते.

पण तोवर राग आला होता. माझा राग म्हणजे रडूच, फक्त मान ताठ. ज्याला यायचंच नव्हतं त्याच्यासाठी आणखी साठ पायऱ्या? दार ढकललं आणि आत गेले. आई आधीच बाजारातून आली होती. चुलीशी पाठमोरी. तिने विचारलं नाही कुठे गेली होतीस. मीही विचारलं नाही, कोणत्या दाराने आलीस. कशाला विचारायचं? आई कायम वरूनच यायची.

त्या दिवशी भाजीत मीठ दोनदा पडलं होतं. आम्ही दोघींनी मुकाट्याने खाल्ली.

दुसऱ्या दिवशी त्याला स्टेशनवर पोचवणं हे माझं सरकारी काम होतं. बसमध्ये तो उभा, मान वाकडी. मी बसलेली.

"झाला नकाशा?"

"झाला."

"सगळे थांबे आले?"

"आले. एक... एक नीट कळला नाही. राहू दे."

स्टेशनच्या पायऱ्यांवर तो थांबला. "काल..."

"काल काय?"

तो खूप वेळ माझ्याकडे बघत होता. मग म्हणाला, "काल धुकं फार होतं."

"हो. फारच."

शब्द दिला होता ना त्याने. विषय काढणार नव्हता. आणि मी? मला वाटलं, माणूस किती सभ्यपणे पळून जातोय. "सावकाश जा," मी म्हटलं. आपण सगळ्याच पाहुण्यांना म्हणतो ते. तो हसला. शिट्टी झाली. खिडकीपर्यंतही गेले नाही मी, ड्युटीचा बहाणा होता.

पुढे काय, संसार झाला. डेपोतल्याच एका मेकॅनिकशी. फू त्याचं नाव. भला माणूस, बसचं इंजिन ऐकून तब्येत सांगायचा, माझी मात्र कधी विचारली नाही. दोन वर्षांपूर्वी तो गेला. मुलगी छंगतू शहरात असते. आई आता ऐंशीला टेकली आहे; ती माझ्याकडे असते, लिफ्ट असलेल्या घरात, आणि तरी रोज लिफ्टला शिव्या घालते.

गेल्या रविवारी तिच्या गुडघ्यांसाठी डॉक्टरकडे निघालो होतो. उंच खांबांवरून जाणारी ती रेल्वे. खाली नदी, बाजूला कडा. एका वळणावर आमची जुनी इमारत समोर आली. अर्धी रिकामी झालेली, बाल्कन्यांत वाळत घातलेलं काहीही नाही.

"त्या जिन्याने माझे गुडघे खाल्ले," आई म्हणाली.

"हं."

"फू गेल्यापासून तू संध्याकाळी टीव्ही लावून ठेवतेस. बघत नाहीस. नुसता लावतेस."

"आवाज असतो घरात, म्हणून."

"हो," आई म्हणाली. "मला माहीत आहे कशासाठी लावतात."

गाडी वळली, इमारत मागे पडली, तरी ती काचेतून मागेच बघत राहिली. तिचा हात माझ्या मनगटावर होता, कोरडा, हलका. मग माझ्याकडे न बघताच म्हणाली,

"तो आला होता, पोरी. वरच्या दाराशी. मी बाजारातून येत होते, तर मला म्हणाला, 'काकू, बघा, दार म्हणजे कुठलं ते मी आता शिकलो. शाओरोंग येतेय ना?' मी म्हटलं, ती यायची नाही, तिने मला सांगितलंय, तू जा... तो तरी उभाच होता. मला एकटीला राहायची भीती वाटली गं."