पिसिमेला मारलेली हाक

तो मोबाइल आधी खाली ठेव. चुलीचा उजेड पुरे आहे. आणि मध्ये मध्ये "खरंच का हो काका?" करायचं नाही. ज्याच्यावर हे बेतलं, तो माणूस माझ्या शेजारी बसून रताळी भाजून खायचा. त्यानंच मला सांगितलं, तेही एकदाच. वाबेया त्याचं नाव. आपल्या वरच्या वस्तीतला. तुम्ही सगळ्यांनी पाहिलाय त्याला.

सात वर्षं झाली. फेब्रुवारीतला दुसरा शनिवार, चंद्र नसलेली रात्र. पण रात्रीचं नंतर. निघाले ते आदल्या दिवशी, दुपारी, चांगले हसतखेळत. वाबेयाच्या मेव्हण्याकडे, एपेयाकडे, डुकरं कापायची होती, मोठं जेवण होतं. सासरच्या माणसांसमोर रिकाम्या हातानं गेलं की जन्मभर ऐकून घ्यावं लागतं. म्हणून डोंगरी केवड्याची दाण्यांनी भरलेली कणसं झाडांवरून उतरवायला वाबेया, त्याची बायको रुंबामे, खुद्द एपेया आणि सहा वर्षांची पोर पिसिमे असे चौघे वर चालले होते. पोर पहिल्यांदाच चालली होती. वाटभर तिचं तोंड बंद नव्हतं.

वर म्हणजे कुठं, ते तुम्हाला ठाऊक आहे. जिथं शेवाळ सुरू होतं आणि मोबाइलची रेघ संपते, तिथून पुढं. तिथं तो आडवा पडलेला ओंडका आहे. तो ओलांडला की आपली रोजची बोली मागं ठेवायची आणि रानबोली बोलायची. शहरात शाळेला गेलेल्यांसाठी पुन्हा सांगतो. वर आगीला आग म्हणायचं नाही, 'ऊब' म्हणायचं. बापाला 'मोठं खोड' म्हणायचं. आणि माणसाचं खरं नाव मेलं तरी घ्यायचं नाही. कारण वर जे राहतं, त्याला स्वतःचं नाव नाही. त्याला नावाची भूक आहे. कुणाचं नाव कानावर पडलं, की दुसऱ्याचा सदरा घालावा तसं ते नाव अंगात घालतं, आणि त्या माणसासारखं होऊन बसतं.

म्हणून नव्या पोराला ओंडक्यापाशी बाप रानातलं नाव देतो. कपाळाला शेवाळ लावायचं, कानात नाव सांगायचं, झालं. घटकाभराचं काम. पण वाबेया त्या वेळी फोनवर गाडीवाल्याशी वाद घालत होता. सोमवारी ओझी न्यायला गाडी येणार की नाही, यावरून. रेघ जाईपर्यंत त्यानं फोन सोडला नाही.

"अहो, पोरीचं नाव राहिलं," रुंबामे म्हणाली.

"वर गेल्यावर ठेवतो गं. पाऊस बघ कसा भरून आलाय."

"दाजींना सुचत नसेल," एपेया म्हणाला. "आमच्या बहिणीला हो म्हणायलाच यांना तीन वर्षं लागली. पोरीचं लग्न होईपर्यंत सुचेल काहीतरी."

सगळे हसले. वाबेयानं पोरीला एवढंच सांगितलं, की वर अजिबात बोलायचं नाही, तोंडाला कुलूप. आणि ओंडका ओलांडला. नाव राहिलं ते राहिलंच.

शनिवारचा दिवस झाडांवर गेला. रुंबामे रानातल्या झोपडीत कणसं धुरावर ठेवत होती, एपेया ओझी तिच्यापर्यंत पोचवत होता. सूर्य कलल्यावर वाबेया पोरीला घेऊन कड्याजवळच्या शेवटच्या झाडाकडे गेला. तिला बुंध्याशी बसवलं, ओठांवर बोट ठेवून दाखवलं, आणि वर चढला. चार कणसं कापली. खाली बघितलं तेव्हा पोर होती. पाचवं कापलं. खाली बघितलं, तर धुकं. झाडाचा बुंधासुद्धा दिसत नव्हता.

उतरला. पोर नव्हती.

आधी त्याला राग आला. इथंच कुठंतरी लपली असेल, लाडावून ठेवलीय आईनं. त्यानं बुंध्यावर कोयत्याची मूठ आपटली. टाळ्या वाजवल्या. मग 'कूऽऽ' घातली, आपण या डोंगरावरून त्या डोंगरावर घालतो तशी. पण 'कू' काय, सगळेच घालतात. लहान पोराला कसं कळणार कोण घालतंय? मोबाइलचा दिवा लावला, तर धुक्याची नुसती पांढरी भिंत उभी राहिली. विझवला.

अंधार झाला. वरची थंडी तुम्हाला माहीत आहे, पहाटे गवत कडकडीत होतं. पोरीच्या अंगात सुती फ्रॉक. वाबेया मला म्हणाला, "काका, मला दुसरं काही सुचत नव्हतं. एवढंच दिसत होतं, की उजाडेपर्यंत ती गारठून मरेल." त्याचा घसा बसला होता, गुडघे फुटले होते. ओ द्यायला पोरीला तिचं नाव तर हवं. आणि तिच्याकडे एकच नाव होतं. खरं.

त्यानं ते तोंडात धरून ठेवलं. बराच वेळ. बाप होता रे तो. किती वेळ धरणार?

"पिसिमेऽऽ!"

धुकं तसंच. वारा पडला. पाण्याचा आवाजसुद्धा थांबल्यासारखा झाला.

मग खालून, घळीतून…

"बाबा…"

तो खाली वळला. आणि वरून, कड्याच्या बाजूनं…

"मोठ्या खोडा…"

तोच आवाज. तसाच, सर्दी झालेला.

तो उभा राहिला. श्वास धरून.

"बाबा, मी इथं आहे." खालून.

"मोठ्या खोडा… ऊब कुठाय? गार लागतंय…" वरून.

वाबेयाच्या लक्षात आलं. पोरीला रानबोली येत नव्हती. त्यानं शिकवलीच नव्हती. तोंडाला कुलूप लावून आणली होती तिला. मग रानबोली बोलणारं ते कोण? वर राहणारं. आणखी कोण असणार? त्यानं कानांवर हात दाबले आणि घळीत उतरला. घसरत, आपटत, फांद्या तोडत.

वरचा आवाज रडायला लागला. हुंदके देत. मध्येच थांबून. मोठ्या खोडा… मोठ्या खोडा…

तो थांबला नाही.

घळीच्या तळाशी दगडावर पोर बसली होती. फ्रॉक तोच. केस तसेच. तिनं हात पसरले. त्यानं उचलून छातीशी धरलं आणि तिथंच रडला, मोठ्यानं. तिचे हात गरम होते. त्याला त्याचा आनंदच झाला.

वर येताना कड्याखालून यावं लागतं. तिथं आवाज अगदी जवळ होता. दहा-पंधरा पावलांवर. आता रडत नव्हता. नुसते दात वाजत होते…

वाबेया थबकला. खांद्यावरची पोर हळूच म्हणाली, "बाबा, मागं बघू नका."

त्यानं बघितलं नाही.

झोपडीत रुंबामेनं पोरीला अक्षरशः हिसकावून घेतलं. मुके घेतले, दोन धपाटे घातले, पुन्हा मुके घेतले. चुलीपाशी बसवलं आणि रानबोलीत म्हणाली, "ऊबेजवळ सरक."

पोर तिच्याकडे बघत राहिली.

"सरक ना. ऊबेजवळ."

पोर नुसती बघत राहिली. गोड हसली.

रुंबामेचा हात पोरीच्या केसांवर होता. तो तिथंच राहिला. "काल रात्री तर…"

"काल रात्री काय?" वाबेयानं विचारलं.

"तुम्ही दोघं घोरत होतात. एवढी बडबडी पोर, गप्प कशी राहणार, म्हणून मी शिकवलं तिला थोडं. ऊब. गार. मोठं खोड. नाव नाही ठेवलं, ते तुम्ही ठेवायचं असतं. तोंडावर हात दाबून हसत होती… आज जेवताना तुम्हाला म्हणून दाखवणार होती."

चुलीत लाकूड फुटलं.

मग वाबेया उठला आणि धावत सुटला. एपेया पेटतं लाकूड घेऊन मागं. कड्यापर्यंत. कड्याच्या पलीकडे. "मोठं खोड इथं आहे! इकडे ये! ऊब इकडे आहे!" त्यानं किती वेळा म्हटलं याला मोजमाप नाही. घशातून रक्त आलं, असं एपेया सांगतो.

ओ आली नाही.

सकाळी सगळी वस्ती वर गेली. पुढचा सगळा आठवडा जात होती. काही सापडलं नाही. आणि शोधत होते तरी कुणाला? पोर तर घरात होती. लोक म्हणाले, घाबरलेलं लेकरू, एका रात्रीत शिकलेले शब्द विसरलं, त्यात काय एवढं? खरंही असेल. मी नाही म्हणत नाही. पोर चांगली आहे. शाळेत जाते, आईला पाणी आणून देते. तुम्ही ओळखता तिला, तुमच्याबरोबर खेळलीय.

वाबेयाचे मात्र हाल झाले. हिला जवळ घ्यावं, तर कानात कड्यावरचे ते दात वाजायचे. दूर लोटावं, तर हीच खरी असली म्हणजे? रात्री उठून तो झोपलेल्या पोरीकडे बघत बसायचा. दर फेब्रुवारीत एकटा वर जायचा. कड्यापाशी उभा राहून एक नाव घेऊन हाका मारायचा. रानातलं नाव, त्या दिवशी द्यायचं राहिलेलं. पण जे नाव तिला कधी सांगितलंच नाही, त्या नावाला ती ओ कशी देणार? हे त्यालाही कळत होतं. तरी जायचा. इतकं तुटलेलं माणूस मी दुसरं पाहिलेलं नाही.

गेल्या फेब्रुवारीत, वरून उतरला त्या संध्याकाळी, तो माझ्याकडे आला. रताळं हातात तसंच राहिलं. हे सगळं त्यानं मला तेव्हा सांगितलं. शेवटी म्हणाला, "काका, या वेळी ओ आली."

मी विचारलं, "काय म्हणाली?"

त्यानं रताळं खाली ठेवलं. उठून घरी गेला.

पहाटे रुंबामेला जाग आली ती गार वाऱ्यानं. दार सताड उघडं होतं. वाबेया नव्हता. अंगावरचं पांघरूण, कोट, भाजलेली रताळी, चुलीतला निखारा, सगळं त्यानं बरोबर नेलं होतं. तो अजून आलेला नाही.

दाराच्या फळीवर, बाहेरून, दोन हातांचे ठसे आहेत. वरच्या चिखलाचे. घरातली पिसिमे आता तेरा वर्षांची आहे, तिची मान त्या दाराच्या कडीला लागते. ठसे माझ्या कमरेच्याही खाली आहेत. सहा वर्षांचं लेकरू दार ढकलेल, तितक्या उंचीवर.

रुंबामे ते पुसत नाही. वर्ष होत आलं. मधला सगळा उन्हाळा गेला, त्या दारावर ऊन सरळ पडतं. परवा मी स्वतः बोट लावून पाहिलं.

चिखल ओला आहे. आणि बर्फासारखा गार.