पेडलवर पाय कुणाचा?

सगळं सुरू झालं ते एका मोज्यामुळे.

वरच्या खोल्यांत नुकत्याच राहायला आलेल्या भाडेकरूने रविवारी दुपारी कपडे वाळत घातले. त्यातला एक निळा मोजा वाऱ्याबरोबर निघाला, तो थेट खालच्या अंगणातल्या जुन्या गाडीच्या टपावर जाऊन पडला. मोजा काही सोन्याचा नव्हता, पण उरलेला एकटा मोजा घेऊन माणसाने करायचं काय? तेव्हा हे गृहस्थ चपला अडकवून खाली उतरले. गृहस्थ कसला, तरुण मुलगाच. चष्म्याच्या दुकानात लोकांचे डोळे तपासायचा आणि स्वतःच्या नाकावरही जाड काचा मिरवायचा.

गाडी बाजूंनी उघड्या असलेल्या पत्र्याच्या शेडमध्ये उभी होती, तोंड फाटकाकडे आणि पाठ भिंतीकडे करून. मागचं डावं चाक काढून बाजूला टेकवलेलं होतं. तिथेच पोतं अंथरून घरमालकीणबाईंची मुलगी आडवी झाली होती. त्याला दिसले ते तिचे पाय आणि पोत्यावर लोळणारी एक वेणी.

"दाब," ती म्हणाली.

मागच्या भिंतीवर गाडीच्या दिव्यांचा लाल उजेड पडला.

"धर… धर… हं, सोड."

उजेड गेला.

इतक्या मऊ आवाजात हुकूम सोडणारं माणूस त्याने कधी पाहिलं नव्हतं. तो ऐकतच उभा राहिला… आणि मग आपण चोरून ऐकतोय हे ध्यानात येऊन मोठ्याने खाकरला.

"माझा मोजा—"

ती दचकून बाहेर सरकली. गालावर काळा डाग, हातात पाना. "तुमच्या मोज्याचं काय?"

"वर आहे. म्हणजे आधी वर होता, मग खाली आला, पण आता टपावर…"

"मग घ्या की. मी अडवलंय का?"

त्याने मोजा घेतला. आता जायला हवं होतं, पण पाय निघेनात. "काय बिघडलंय?" त्याने विचारलं.

"मागचे ब्रेक. चाकाबरोबर ही तबकडी फिरते ना, तिला दोन्ही बाजूंनी चिमटीत धरतो तो हा कॅलिपर. आत हवा राहिली की पेडल मऊ पडतं. मग एकाने पेडल दाबून धरायचं आणि दुसऱ्याने खाली हा स्क्रू उघडून हवा काढायची. दोन माणसांचं काम आहे."

दुसरं माणूस! अर्थात. तो वाकला. ड्रायव्हरच्या काचेत नुसतं ढगाळ आभाळ दिसत होतं, आतलं काही कळत नव्हतं. तरी शिष्टाचार म्हणून त्याने काचेला हात जोडले. "नमस्कार हं."

आतून उत्तर आलं नाही. मुलगी मात्र त्याच्याकडे टक लावून बघत राहिली.

"कुणाला नमस्कार केलात?"

"आत बसलेत त्यांना."

तिने गालावरचा डाग बाहीने पुसला. मग हळूच म्हणाली, "बरं केलंत."

त्यानंतर बिचाऱ्याचं डोकं ठिकाणावर राहिलं नाही. दर एक-दोन रविवारांनी चाक निघायचं, आणि खालून तो आवाज यायचा. दाब… धर… सोड. तिच्या तोंडी 'तू' असलेला हा भाग्यवान कोण? फाटकातून आत येताना दिसत नाही, बाहेर जाताना दिसत नाही. आणि इतका काय तो तोरा, की एकदाही खाली उतरून हात काळे करत नाही? आपल्या नायकाचा जळफळाट व्हायचा. दुकानात गिऱ्हाइकाला "आता बरं दिसतंय, की आता?" असं विचारता विचारता तो स्वतःच कुठेतरी हरवायचा.

जिन्यात ती भेटायची. ती व्यायाम शिकवून लोकांचे आखडलेले खांदे-गुडघे सोडवायची, दवाखान्यात. संध्याकाळी घरी यायची ती दमून, पण डोळ्यांत खट्याळपणा शाबूत ठेवून.

"मोजे कसे आहेत?"

"जोडीने आहेत. तुमचे ब्रेक?"

"बिघडलेत."

"इतक्यांदा? अहो, गाडी चालवता तरी कधी? मी तर ती फाटकाबाहेर गेलेली बघितलीच नाही. चला एकदा… तळ्यापर्यंत. पेट्रोल माझं."

ती हसता हसता थांबली. "नाही हो. ब्रेक नीट नाहीत अजून," म्हणाली आणि आत गेली.

शेवटी एका भुरभुर पावसाच्या दुपारी त्याने ठरवलं, की काय तो सोक्षमोक्ष लावायचा. त्याने चहा केला, तीन कप. प्रतिस्पर्ध्यालाही चहा द्यायचा, इतका तो सज्जन होता.

"एक तुम्हाला," तिच्याजवळ कप ठेवत तो म्हणाला.

"आणि तो तिसरा कुणाला?" गाडीखालून तिने विचारलं.

"आतल्या माणसाला."

"थांबा! दार उघडू नका—"

त्याने उघडलंच होतं.

सीट रिकामी होती. पूर्ण मागे सरकवलेली, उंच माणसासाठी असावी तशी. सीटवर कुणी नाही, मागे कुणी नाही. आणि तरी त्याच्या डोळ्यांदेखत ब्रेकचं पेडल सावकाश खाली गेलं आणि खालीच राहिलं. जणू कुणीतरी अगदी जपून त्यावर पाय ठेवला होता. भिंतीवर लाल उजेड पडला होता.

"सोड," खालून ती अगदी बारीक आवाजात म्हणाली.

पेडल वर आलं.

हातातला कप केव्हा पडला ते त्याला कळलंही नाही. चष्मा काढून पुसावा, असं एकदा वाटलं. पण आपल्या काचांचा नंबर बरोबर आहे हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक असणार?

ती उठून बसली. "बाबा आहेत," म्हणाली.

तिचे वडील जाऊन वर्ष होत आलं होतं. ती लहान असताना ते खाली आडवे व्हायचे आणि ही वर सीटच्या अगदी टोकाला बसून पेडलला कसेबसे पाय पुरवायची. पुढे त्यांना वाकवेना, तेव्हा जागा बदलल्या. ती खाली, ते वर; हुकूम मात्र त्यांचेच राहिले, दाब, धर, सोड. काम झालं की ते पेडल पटपटपट तीनदा दाबायचे. म्हणजे, झालं, ऊठ आता, हात धू.

"ते गेल्यावर मी एकटीच चाक उघडून बसले होते. सवयीने तोंडातून गेलं, दाब. आणि…" तिने भिंतीकडे पाहिलं. "दाबतात, धरतात, सोडतात. पण ते तीनदा दाबणं कधीच नाही. मग मी म्हणते, झालं नसेल अजून. पुन्हा उघडते."

"म्हणजे ब्रेक बिघडलेलेच नाहीत?"

"कधीच नव्हते." तिच्या डोळ्यांत पाणी तरारलं. "गाडी बाहेर काढली, की ब्रेक झाले. आणि ब्रेक झाले, की बाबा…"

तो त त प प करत जिना चढून वर गेला आणि कॉटवर बसून राहिला. भीती वाटत होती, खोटं कशाला बोला. पण पुढचा रविवार तिला न भेटता जाईल, या विचाराची भीती त्याहून मोठी निघाली. आपण हिच्या प्रेमात पडलोय, पार आकंठ पडलोय, हे त्याला त्या दुपारी दातांवर दात वाजत असताना कळलं.

दुसऱ्या दिवशी तिच्या आईने त्याला जिन्याशी गाठलं.

"पळाला नाहीत ना? बरं झालं," त्या म्हणाल्या. "मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत असते सगळं. भिंत लाल झाली की मलाही बरं वाटतं हो. घरात माणूस असल्यासारखं वाटतं. पण माझी मुलगी जिवंत आहे, आणि ती त्या शेडमध्ये बसलीय वर्षभर. तिला बाहेर कोण काढणार? मला तर जमलं नाही."

आणि तशातच कॅलिपरने मान टाकली. पुन्हा पुन्हा उघडून हवा काढायच्या स्क्रूचे आटे पार झिजले, तिथून ब्रेक ऑइल झिरपायला लागलं. नवा कॅलिपर आणण्याशिवाय गत्यंतर नव्हतं. तिने तो आणला, पण खोका तसाच पलंगाखाली सरकवून ठेवला.

"जुन्याला बाबांचा हात लागलाय," जिन्याच्या पायरीवर बसून ती म्हणाली. "नव्याला ते ओळखतील?"

"नाही ओळखलं तर?"

"तर संपलं." मग नखाने पायरी कुरतडत तिने विचारलं, "याल रविवारी? नुसते उभे राहा. पेडलपाशी नको. तिथे… आधी त्यांना विचारायचंय."

"येईन," तो म्हणाला. "मोजा न पाडता येईन."

ती जराशी हसली. एवढ्यावर तो आठवडाभर तरंगत होता.

रविवारी वारा पडला होता. झाडाचं पान हलत नव्हतं. तिने जुना कॅलिपर सोडवला, नव्याच्या पिनांना ग्रीस लावलं, त्या रबरी टोप्यांत सारून मागेपुढे सरकतात का ते पाहिलं. तो पाने देत होता, आणि दर वेळी चुकीचा देत होता.

"चौदाचा मागितला! डोळे तपासता ना तुम्ही?"

"तपासतो. पण समोर तुम्ही असलात की अक्षरं पुसट होतात."

"गप्प बसा," ती म्हणाली. पण कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. मग पाइप जोडून झाला, पारदर्शक नळी बाटलीत सोडून झाली, आणि तिचं हसू मावळलं. ती आडवी झाली.

"दाब."

भिंत काळीच राहिली.

"दाब ना…"

काही नाही. शेडच्या पत्र्यावर एक कावळा नुसताच चालत होता, त्याच्या नख्यांचा आवाज तेवढा येत होता.

"बाबा?"

ती पोत्यावर तशीच पडून होती, पाना छातीशी धरून. तो गाडीच्या दारापाशी गेला.

"मी बसू?"

"तुम्हाला भीती वाटते."

"वाटते," तो म्हणाला. "बसू का?"

पाना खाली ठेवल्याचा आवाज आला. मग उत्तर आलं. "बसा."

तो आत बसला. सीट उबदार होती. आत्ता, या क्षणी कुणीतरी उठून जागा करून दिल्यासारखी. सीट इतकी मागे होती, की त्याचे पाय पेडलला पुरेनात. लहान मुलासारखं टोकाला सरकून बसावं लागलं.

"दाबा."

पेडल लोण्यासारखं तळाला गेलं. भिंत लाल झाली.

"धरा… सोडा. दाबा… धरा…"

खाली नळीतून बुडबुडे निघत होते, ती मधेच उठून बॉनेटखाली ऑइल ओतून येत होती. एकदा त्याचा पाय घसरला.

"अरे धर! सोडू नकोस!" ती ओरडली.

आपण काय म्हणालो ते तिला कळलं होतं. त्यालाही. त्याने मुकाट्याने पेडल घट्ट धरून ठेवलं.

"सोड," ती हलकेच म्हणाली. त्यानंतर 'दाबा' पुन्हा आलंच नाही.

हळूहळू पेडल आवळत गेलं, पायाखाली दगडासारखं झालं. "बस," ती म्हणाली. "स्क्रू घट्ट केला. पाय काढ."

त्याने काढले. खरं सांगायचं तर भीतीने दोन्ही पाय उचलून सीटवरच घेतले, मांडी घालून बसला.

तेव्हा पेडल खाली गेलं.

पट. पट. पट.

भिंत तीनदा लाल झाली आणि विझली. स्वयंपाकघरात भांडं पडल्याचा आवाज झाला.

"तू… तू केलंस?" खालून तिचा आवाज आला. त्या आवाजात सगळा जीव गोळा झाला होता.

हो म्हणणं किती सोपं होतं! पण तिच्याशी खोटं बोलायचं नाही, हे त्याने मनाशी कधीच ठरवून टाकलं होतं.

"नाही," तो म्हणाला. "माझे दोन्ही पाय सीटवर आहेत. शपथ."

ती रडली. खूप रडली, हमसून हमसून, आणि मधेच हसली. तो खाली उतरला, तिच्याशेजारी पोत्यावर बसला. तिने ग्रीसने माखलेलं कपाळ त्याच्या पांढऱ्या शर्टावर टेकलं, आणि शर्टाचं काय होतंय याकडे कुणाचंच लक्ष नव्हतं.

खिडकीतून तिची आई दिसत होती. गाल ओले होते, पण आवाज ठणठणीत होता. "झालं ना? ऊठ आता," त्या म्हणाल्या. "हात धू."

चाक चढलं. तिने सीट पुढे ओढून घेतली, तो शेजारी बसला, आईने फाटक उघडलं. गाडी धुरळा उडवत शेडबाहेर आली आणि फाटकाशी तिने ब्रेक दाबला. गाडी जागच्या जागी, सरळ उभी राहिली. तो वळून मागे बघू लागला.

"काय बघतोस?"

"काही नाही. भिंत." ती नुसती भिंत होती, चुन्याचे पोपडे निघालेली.

तिने आरशात एकदाच पाहिलं. मग डावा हात त्याच्यापुढे केला. नखांत अजून काळं होतं.

"धर," ती म्हणाली. "गिअर टाकायला लागला, की परत मागून घेईन."