राखाडी कार्ड

जॅनेलचा हिशेब सरळ होता. कार्ड छापून गेलं की तारीख पक्की, तारीख पक्की झाली की लग्न, आणि लग्न झालं की लेक ब्रिटा नवऱ्याबरोबर अलास्काला. म्हणजे कार्ड पसंत न पडण्यातच तिचा फायदा होता. एक नमुना नापसंत केला की मुलगी आणखी आठवडाभर घरात. सकाळी दारातला बर्फ उपसायला दुसरं फावडं, संध्याकाळी टेबलावर दुसरी बशी. सप्टेंबरचा हॉल हातचा गेला तर अख्खं वर्ष पदरात. नवरा गेल्यापासून जॅनेलला त्या घरात एकटीने जेवायची भीती वाटायची. ती भीती ती कुणाला सांगत नसे. त्याऐवजी ती अक्षरांच्या वळणात खोट काढी.

उत्तरेकडच्या, सरोवराकाठच्या डलूथ गावात लग्नाची पहिली वर्दी म्हणजे हे पोस्टकार्डाएवढं कार्ड, पाठीला लोहचुंबक लावलेलं. रीतसर निमंत्रण मागाहून येतं. हे नुसतं सांगतं, की अमुक दिवस आमच्यासाठी राखून ठेवा. इथली माणसं ते फ्रिजच्या दारावर लावतात आणि मुकाट पाळतात. त्या दिवशी मग मासेमारी नाही, फ्लोरिडा नाही, दुसऱ्या कुणाचं बारसं नाही.

"मॉम, आज सांगायचंच," ब्रिटाने तीन नमुने टेबलावर मांडले.

"पहिल्यात तुझे दात फार दिसतायत."

"दात माझेच आहेत ना?"

"आणि ही पानांची वेलबुट्टी? सूपच्या डब्यावर असते तशी."

तिसऱ्यावर फोटोच नव्हता. राखाडी जमीन आणि मधून एक पांढरी रेघ, गोठलेल्या सरोवराच्या कडेसारखी. खाली दोन नावं: ब्रिटा आणि वायट.

"हे तर कुणीतरी वारल्याचं वाटतं."

"मला हेच आवडलंय."

"बघू पुढच्या आठवड्यात."

ब्रिटाने कार्डं गोळा केली. तिला आईचं गणित कळत नव्हतं असं नाही. "आपण तारीख धरून ठेवली नाही, तर दुसरं कुणीतरी घेईल, मॉम."

"घेऊ दे की," जॅनेल म्हणाली, आणि कॉफी ओतायला उठली.

जानेवारीच्या अखेरीस ती नणंदेकडे, मार्लिसकडे गेली. मार्लिसच्या फ्रिजवर नातवंडांची चित्रं होती, दंतवैद्याची चिठ्ठी होती आणि मधोमध ते राखाडी कार्ड होतं. पांढरी रेघ, दोन नावं. खाली तारीख: चौदा मार्च.

"मार्चमध्ये लग्न!" मार्लिस म्हणाली. "पाहुण्यांना काय बर्फाचे बूट घालून नाचवणार आहेस? फ्लोरिडा रद्द केलं हो मी तुझ्या लेकीपायी. आणि वर लिंबाच्या वड्याही मीच करणार, हे तू गृहीत धरलेलं दिसतंय."

"हे कुठून आलं?"

"पोस्टाने. आणखी कुठून येणार?"

जॅनेलने कार्डाला बोट लावलं. फ्रिजचं दार गार असतंच; कार्ड त्याहून गार होतं.

पहिला संशय अर्थातच लेकीवर. पोरीने परस्पर छापून घेतलं, या विचाराने राग आला तसं थोडं कौतुकही वाटलं. पण ब्रिटाने तिच्यासमोर छापखान्यात फोन लावला. तिथली बाई वैतागली होती. तुम्ही नमुना कळवाल तेव्हा छापू ना, म्हणाली.

"वायटची थट्टा असेल," ब्रिटा म्हणाली. वायट बोटीवर इंजिनियर होता आणि बोट महिनामहिना फोनच्या टप्प्याबाहेर असे. तिने निरोप ठेवला. उत्तर आलं नाही.

मग जॅनेल घरोघर जाऊ लागली. कधी केक घेऊन, कधी उसनी साखर परत करायला. पाद्रीबाईंच्या स्वयंपाकघरात ते कार्ड होतं. शेजारच्या ओलाफच्या गॅरेजमधल्या जुन्या फ्रिजवरसुद्धा होतं, आणि ओलाफला लग्नाकार्याला बोलवायचा कुणाचाच विचार नव्हता. पाणी पिण्याच्या निमित्ताने ती कार्ड काढून पर्समध्ये टाकी. घरी येऊन पर्स उघडली की आत नुसता ओलावा, बर्फ वितळल्यासारखा. पुढच्या भेटीत कार्ड पुन्हा जागेवर.

"लग्न मार्चमध्ये नाहीये," ती सांगून बघे.

"बरं," लोक हसून म्हणत. ते हसणं लग्नघरातल्या धांदलीला समजून घेणारं होतं. दिवस मात्र कुणी सोडला नाही.

चौदा मार्चला सकाळपासून वारा पडलेला होता. सरोवर राखाडी, आभाळ राखाडी, मधे बर्फाची एक पांढरी रेघ. जॅनेलने गाडीच्या किल्ल्या पिठाच्या डब्यात लपवल्या.

"आज बाहेर जायचं नाही."

"कुठे जाणारेय मी?" ब्रिटा म्हणाली. ती टेबलाशी बसून ते तीन नमुने पुढेमागे करत होती. "मॉम, तू घाबरलीयस का?"

"नाही."

स्वयंपाकघराच्या खिडकीतून उतारावरचं चर्च दिसायचं. दुपारी तिथे गाड्या लागू लागल्या. माणसं चांगल्या कपड्यांत उतरली, हातात झाकलेले ट्रे. मार्लिसचा निळा कोट इतक्या लांबूनही ओळखू आला.

"आपण जाऊन सांगू या ना त्यांना," ब्रिटा उठली.

जॅनेलने तिचा हात धरला. आत जे काही चाललं असेल ते ब्रिटाला इथून नेऊ शकणार नाही, एवढंच तिला पाहायचं होतं. एवढं जमलं की बस.

घंटा वाजली.

तिने हात आणखी घट्ट धरला. उबदार होता, नाडी लागत होती.

मग दारं उघडली. माणसं बाहेर आली. ती हसत होती, हात हलवत होती. एक गाडी वळून महामार्गाकडे निघाली.

फोन वाजला. मार्लिस.

"तुला लाज कशी नाही वाटली गं?" ती रडत होती. "पोरगी सारखी दाराकडे बघत होती. तुझ्यासाठी पुढची खुर्ची राखून ठेवली होती तिने."

जॅनेलने फोन ठेवला. तो पुन्हा वाजला.

"जॅनेल, वायट बोलतोय. आम्ही निघालो. ब्रिटा रडून रडून झोपलीय इथे माझ्या शेजारी. तुम्ही यायला हवं होतं."

"वायट, ब्रिटा इथे आहे. माझ्यासमोर."

"दे मला," ब्रिटाने फोन ओढून घेतला. "वायट? मी बोलतेय. वायट!"

"हॅलो?" तो म्हणाला. "जॅनेल? आवाज येत नाहीये तुमचा."

मागून कुणीतरी जागं झालं. झोपेतल्या, ओळखीच्या आवाजात विचारलं, "मॉम आहे का?"

ब्रिटा खुर्चीत बसली. जॅनेलने तिचा हात पुन्हा हातात घेतला.

गार होता.

आता सगळं शांत आहे. नाताळला अलास्काहून फोटोचं कार्ड आलं, दोघं बर्फात उभी, ब्रिटाचे दात दिसतायत. मागे तिच्याच अक्षरात लिहिलंय: मॉम, रागावले नाही मी. पण त्या घरात एकटी राहू नकोस.

मार्लिस रविवारी येते. आल्याआल्या कोट काढते आणि ब्रिटाच्या खुर्चीवर टाकते. ब्रिटा मान जराशी बाजूला करते, कोटाची बाही चेहऱ्यावर येऊ नये म्हणून.

तेव्हा हिशेब असा लागतो. मार्लिसचं फ्लोरिडा गेलं, ते ती यंदा वसूल करील. वायटचं काहीच गेलं नाही. जॅनेलला दुसरी बशी मिळाली, ती रोज मांडते आणि रोज भरलेली उचलते. बाकी सगळं ब्रिटाने भरलं, आणि ती अजून टेबलाशीच बसलेली आहे, तीन नमुने समोर मांडून.

"मॉम," ती म्हणते, "आज सांगायचंच."