नळीतलं काळं

दिवाकर भोयर रेल्वेच्या सिग्नल विभागात नोकरीला होता. हाताने काम करायची त्याला भारी हौस. घरातला पंखा असो, मिक्सर असो की गळणारा नळ, तो आधी स्वतः उघडून बघायचा. त्यामुळे सासऱ्यांची बंदूक साफ करायचं काम त्याने आपणहून अंगावर घेतलं, याचं कुणाला नवल वाटलं नाही.

सासरे, म्हणजे बाबाराव, दिवाळीनंतर वारले होते. तरुणपणी त्यांनी महासमुंदकडे जंगलाला लागून थोडी शेती घेतली होती आणि पीक राखायला म्हणून एकनाळी बंदुकीचं लायसन्स काढलं होतं. शेती पुढे विकली, बंदूक राहिली. रायपूरला तेलीबांध्याच्या मागच्या कॉलनीत घर बांधलं तेव्हा ती मागच्या लहान खोलीतल्या लोखंडी कपाटात गेली. निवडणूक आली की ठाण्यात जमा व्हायची, निवडणूक सरली की परत यायची, एवढाच तिचा प्रवास. आता घरात दिवाकर, त्याची बायको शारदा आणि थकलेल्या सासूबाई, शांताबाई. बंदूक कुणालाच नको होती. रीतसर परवानग्या झाल्या आणि सदर बाजारातला एक बंदूकवाला ती घ्यायला तयार झाला.

पण त्याने नळी उघडून उजेडासमोर धरली आणि कपाळाला आठ्या घातल्या.

"भैया, अंदर कुछ जमा हुआ है. बहुत पुराना है. मिट्टी तेल में भिगोके रखिए, फिर पीतल का ब्रश मारिए. आर-पार दिखे, तब लाइए."

नवतपा, म्हणजे उन्हाळ्यातले सगळ्यात जाळणारे नऊ दिवस, चालू होता. रायपूरचं ऊन असं, की सकाळीच रस्ते ओस पडत. शारदा मामेबहिणीच्या लग्नाला नागपूरला गेली होती आणि त्या संध्याकाळच्या गाडीने परतणार होती. ती यायच्या आत बंदूक घराबाहेर काढावी, असं दिवाकरने ठरवलं. न्याहारी झाल्यावर त्याने नळी दस्त्यापासून सोडवली, आत काडतूस नाही ना हे पुन्हा पाहिलं, एका तोंडाला रबरी बूच घट्ट बसवलं आणि दुसऱ्या तोंडातून रॉकेल ओतलं. काठोकाठ भरलेली नळी मागच्या खोलीत बादलीत उभी करून ठेवली.

शांताबाई भिंतीचा आधार घेत दारापाशी आल्या.

"जवाईबापू, काय करून राहिले?"

"नळी भिजत घातली, आई. आतलं काळं निघतच नाही."

त्यांनी बादलीकडे पाहिलं आणि पदराचं टोक बोटाला गुंडाळायला लागल्या.

"ह्यायनं थे तसंच ठेवलं व्हतं."

"काहून?"

"ठेवलं व्हतं... इतलंच." मग त्या वळल्या आणि हळूहळू आपल्या पलंगाकडे गेल्या.

दिवाकरला हे खटकलं, कारण बाबाराव टापटिपीचे. सायकलची चेनसुद्धा रविवारी टूथब्रशने घासणारा माणूस बंदुकीची नळी अशी कशी ठेवील? पण म्हाताऱ्या माणसाचं बोलणं म्हणून त्याने सोडून दिलं.

जेवण झाल्यावर तो खोलीत गेला आणि बादलीपुढे उकिडवा बसला. नळी रिकामी होती. बूच जागच्या जागी होतं, बादलीचा तळ कोरडा होता, फरशीवर एक थेंब नव्हता. काठापर्यंत भरलेलं रॉकेल गेलं कुठे? उन्हाने उडालं असेल, असं तो स्वतःशीच म्हणाला, आणि म्हणताना ते आपल्यालाच पटलेलं नाही हेही त्याला कळलं.

रॉकेलच्या वासाने शांताबाईंना खोकला येईल म्हणून त्याने दार लावून आतून कडी घातली. खोलीला एकच खिडकी, आणि तीत कूलर बसवलेला. कूलरची घरघर, ओल्या वाळ्याचा वास, वर एक ट्यूबलाइट. त्याने बूच काढून नळी टेबलावर आडवी ठेवली, नळी साफ करायच्या गजाचे तुकडे एकमेकांत पिळून जोडले, टोकाला पितळी ब्रश लावला आणि कामाला लागला.

ब्रश, मग तेलात भिजवलेली फलालीनची चिंधी, मग पुन्हा ब्रश. बंदुकीच्या जळक्या दारूची काजळी कोरडी असते, बोटावर राखेसारखी येते. शिशाचा थर असला तर चकचकीत कपचे पडतात. हे तसं काहीच नव्हतं. हे ओलं होतं, मऊ होतं, रात्रभर दव पडलेल्या मातीसारखं. चिंध्या काळ्या होत गेल्या, टेबलाच्या कोपऱ्यात त्यांचा ढीग झाला, आणि नवी चिंधी पहिलीहून काळी निघायला लागली.

आणि वास बदलला. रॉकेलच्या मागून एक गोड, जड, किंचित आंबूस वास यायला लागला. छत्तीसगडात जन्म काढलेल्या माणसाला तो ओळखायला वेळ लागत नाही. मोहाचा. दिवाकरने चिंधी उलगडली. काळ्यात मोहाचं एक फूल चिकटलं होतं. पिवळसर, रसरशीत, आत्ता झाडावरून पडल्यासारखं. मोहाचा बहर सरून महिना होऊन गेला होता.

त्याने ते फूल टेबलाच्या कडेला ठेवलं. हात पुसले. एकदा आरपार घासून संपवू, मग उघडून टाकू दार, असं म्हणत त्याने गज पुन्हा आत घातला. गज नळीहून वीतभर लांब होता. ब्रश पलीकडून बाहेर यायला हवा होता. त्याने मूठ नळीच्या तोंडाला टेकेपर्यंत गज ढकलला आणि वाकून दुसरं टोक पाहिलं.

तिथे काहीच नव्हतं. नळीचं गोल, काळं, रिकामं तोंड.

त्याच वेळी वीज गेली. कूलर गुरगुरत थांबला आणि खोलीत अंधार झाला. भर दुपारी, बाहेर डांबर वितळवणारं ऊन असताना, त्या खोलीत स्वतःचा हात दिसेना. दिवाकर उठला, चाचपडत दाराशी गेला आणि कडी ओढली. कडी हलली नाही. दोन्ही हातांनी ओढली, अंगठ्याची साल निघाली, पण कडी जणू लाकडात रुजलेली. मोबाइल बाहेर चार्जिंगला लावलेला. खिडकी कूलरने बुजलेली. घामाने शर्ट पाठीला चिकटला आणि मोहाचा वास इतका दाटला की श्वास घोट घोट प्यावा लागत होता.

मागे टेबलावर गज नळीत हळूच फिरला. खरर्... आणि थांबला.

"आई," त्याने दारावर थाप मारली. "आई, दार अडकलं. बाहेरून ढकलून पाहा."

बऱ्याच वेळाने पलीकडे पावलं घासत आली. शांताबाई दाराला टेकून बसल्या असाव्यात, कारण त्यांचा आवाज खालून आला.

"तुमी घासलं ना थे..."

"आई, दार ढकला."

"माह्यानं ढकलल्या जात नाही, बापू. आयका. शेत व्हतं तवाची गोष्ट हाय. मोहाचे दिवस. झाडाखाली रोज अस्वल यायचं. एक दिवस उजाडाच्या आंधी ह्यायनं काळं, वाकलेलं काही पायलं अन् बार टाकला. जवळ गेले तं टोपली व्हती. अर्धी भरलेली. अजून काही नाही. रगत नाही, देह नाही... काहीच नाही. बाजूच्या पाऱ्यातली, म्हंजे वस्तीतली, केजा नावाची बाई त्या दिवसापासून दिसली नाही. लोक म्हने अस्वलानं नेली. हे घरी आले अन् नळी घासाले बसले. महिनाभर घासून राहिले. मंग एक दिवस सोडलं. मले म्हने, शांते, अंदर कोनी हाय. हे काळं राहू दे. थे झाकन हाय."

अंधारात गज पुन्हा फिरला. मग ठक्. नळीच्या आतून, लोखंडावर नखाने वाजवावं तसं. ठक्. आणि दिवाकरला एकदम कळलं की ही काळोखी खोली, ही न हलणारी कडी, हा कोंडलेला श्वास आपला नाही. हे दुसऱ्या कुणाचं आहे, आणि त्याला नुसतं चाखायला दिलंय.

तो टेबलाशी गेला. गजाची मूठ हाताला लागली. त्याने ओढली. आतून कुणीतरी धरून ठेवलं होतं. झटका नाही, जोर नाही. बुडणारा माणूस धरतो तशी नुसती न सुटणारी पकड.

"बापू," दारापलीकडून शांताबाई कुजबुजल्या, "ओढू नका... असंच राहू द्या. लाइन येईन, दार उघडन..."

"नाही उघडत, आई. मले श्वास घेता येत नाही."

"ओढू नका..."

त्याने टेबलाच्या पायाला पाय लावला आणि सगळ्या अंगाने ओढलं. काहीतरी सुटलं. गज बाहेर आला, तो मागे भिंतीवर आदळला, आणि त्याच्या तोंडावरून एक लांब, गार, ओला श्वास गेला. बाहेर टाकलेला नव्हे. खूप दिवसांनी आत घेतलेला.

ट्यूबलाइट लुकलुकली. कूलर सुरू झाला. कडीला त्याने नुसतं बोट लावलं आणि ती खट्कन सरकली.

उजेडात त्याने गज पाहिला. ब्रशला एक लांब केस गुंडाळलेला होता, हाताएवढा, तेल लावलेला. अस्वलाचा तो नव्हता. त्याने नळी डोळ्यासमोर धरली. आत आरशासारखी लखलखीत. आरपार खिडकीतल्या कूलरची जाळी दिसली.

मग त्याने विचार केला नाही. नळी दस्त्याला बसवली, बंदूक कव्हरमध्ये घातली, चिंध्या, ब्रश, केस, फूल, सगळं एका पिशवीत कोंबून कॉलनीच्या कचराकुंडीत टाकलं. शांताबाई पलंगावर येऊन बसल्या होत्या. त्या मागच्या खोलीच्या उघड्या दाराकडे पाहत होत्या.

"आई, मी हे देऊन येतो. घरातून गेलं की संपलं."

"पानी ठेवून जा," त्या म्हणाल्या. "दोन गिलास ठेवा."

गर्मी किती आहे, असं मनात म्हणत त्याने दोन पेले भरून त्यांच्या उशाशी ठेवले, त्यांचा मोबाइलही हाताशी ठेवला. उठून दार लावायला त्यांना जड जायचं, म्हणून बाहेर जाताना तो नेहमीच ग्रिलला बाहेरून कुलूप लावायचा. आजही लावलं.

दुकानदाराने नळीतून पाहिलं आणि मान डोलावली. "अब तो शीशा है, भैया." दिवाकरने सह्या केल्या. बाहेर आल्यावर त्याला पहिल्यांदा हलकं वाटलं. तो उसाचा रस प्यायला. ऊन उतरलं होतं, सदर बाजार जागा झाला होता. सोनारांच्या पायऱ्यांपुढे स्कूटींची रांग, मध्ये एक मालाची गाडी आडवी अडकलेली, आणि त्या गल्लीत पुढेही जाता येईना, मागेही फिरता येईना. तो स्कूटरवर पाय टेकून उभा असतानाच शारदाचा फोन आला. तिची गाडी दुर्गच्या पुढे आली होती.

"घरी कोणाले बसवून गेले तुम्ही?" तिने विचारलं.

"कोणालेच नाही. काहून?"

"आईच्या फोनवर केला तं एका बाईनं उचलला. छत्तीसगढीत बोलत होती. मले विचारून राहिली, 'बिहनिया होगे का, दाई?' सकाळ झाली का, माय, म्हणते. मी म्हटलं, बाई, संध्याकाळ होऊन राहिली. आईले दे."

दिवाकरच्या मागे कुणीतरी हॉर्न दाबून धरला होता.

"मग?"

"मग आई बोलली ना. पण लई दुरून आवाज येत होता तिचा, जसं विहिरीतून बोलते कोणी. आई पण तेच विचारून राहिली होती. सकाळ झाली का म्हणून."